खुर्ची ठेवलेली जागा

शिकागो,
९ फेब्रुवारी

तीर्थरूप आई आणि तीर्थरूप बाबा यांना केतकीचा साष्टांग नमस्कार, विनंती विशेष.

मागच्या रविवारी फोनवर बोलणे अर्ध्यावर राहिले आणि आई, तुझा आवाज जड झालेला मला कळला. तेव्हापासून मनात आहे ते एका बैठकीत लिहून काढायचे ठरवले होते, ते आज जमते आहे. माझी तब्येत उत्तम आहे, थंडीचे कपडे पुरेसे आहेत आणि जेवणाखाण्याचे फोटो तुला रोज दिसतातच, म्हणून ते पुन्हा लिहीत नाही. गोडा मसाला अजून अर्धी बरणी शिल्लक आहे. चार वर्षे मुंबईत मालिकांमध्ये काम केले, लोक ओळखू लागले, आणि नेमके तेव्हा सगळे सोडून लेखन शिकायला इतक्या लांब गेलीस, मग ती चार वर्षे पाण्यातच गेली ना, असे तू विचारलेस. आई, ती पाण्यात गेलेली नाहीत. तुला बरे वाटावे म्हणून मी हे म्हणत नाही. याच शहरात नव्वदहून अधिक वर्षांपूर्वी एका बाईने मालिकेत काम करता करता मालिका लिहायला घेतली, पुढे ती स्वतः उभी करू लागली, आणि आजी रोज संध्याकाळी दिवा लावून झाला की टीव्हीसमोर बसते त्या सवयीचे मूळ शोधत गेले तर ते त्या बाईपर्यंत जाऊन पोहोचते.

त्यांचे नाव इर्ना फिलिप्स. मी त्यांना मनात इर्नाबाई म्हणते. त्यांचा जन्म १९०१ सालचा, शिकागोतलाच. दहा भावंडांमध्ये त्या शेंडेफळ होत्या आणि वडील त्यांच्या लहानपणीच वारले. इलिनॉय विद्यापीठात शिकताना त्यांना नटी व्हायचे होते, परंतु रंगमंचावर उभे राहण्यासारखे रूप तुझ्याकडे नाही, असे त्यांना तिथे सांगण्यात आले. मग त्या ओहायो राज्यातल्या डेटन या गावी शिक्षिका झाल्या. सुट्टीत शिकागोला यायच्या तेव्हा शिकागो ट्रिब्यून या वर्तमानपत्राच्या डब्ल्यूजीएन नावाच्या रेडिओ केंद्रावर मिळेल ते वाचायच्या, बोलायच्या, आणि शेवटी १९३० मध्ये शिक्षिकेची नोकरी सोडून त्या इथेच राहिल्या. बाबा, पक्की नोकरी सोडणारी मुलगी पाहून घरच्यांचा जीव कसा होतो, ते मी तुमच्या चेहऱ्यावर पाहिले आहे. त्यामुळे हा भाग मी वाचला तेव्हा बराच वेळ पान उलटले नाही.

केंद्राला दुपारच्या वेळी घरात असणाऱ्या बायकांसाठी रोज चालणारी एका कुटुंबाची गोष्ट हवी होती. ती इर्नाबाईंनी लिहिली. २० ऑक्टोबर १९३० रोजी ‘पेंटेड ड्रीम्स’ सुरू झाली, आणि अमेरिकेत दिवसा लागणाऱ्या कौटुंबिक मालिकांची सुरुवात तिच्यापासून धरतात. मदर मॉयनिहन नावाची एक विधवा आई, तिची मुले, घरात राहणारी आणखी एक मुलगी आणि त्यांच्या रोजच्या अडचणी, एवढाच तिचा ऐवज होता. आईचे काम इर्नाबाई स्वतः करत. रूप नाही म्हणून जिला रंगमंच नाकारला होता, तिचा आवाज हजारो स्वयंपाकघरांत रोज ऐकला जाऊ लागला.

आता आजीच्या जुन्या प्रश्नाचे उत्तर. या मालिकांना इंग्रजीत ‘सोप’ म्हणतात, म्हणजे साबण, तर साबणाचा गोष्टीशी काय संबंध, असे तिने मला मी पहिल्यांदा सेटवर गेले तेव्हा विचारले होते. संबंध असा आहे की दुपारी ऐकणाऱ्या बाईच्या हातात तेव्हा बहुधा धुणे किंवा भांडी असत, आणि म्हणून साबण करणाऱ्या कंपन्याच त्या मालिकांचा खर्च उचलत. त्यातली सर्वांत मोठी प्रॉक्टर अँड गॅम्बल. आपल्या न्हाणीघरात टाइडचा पुडा असतो ना, तो याच कंपनीचा.

मागच्या महिन्यात मी बसने विस्कॉन्सिन राज्यातल्या मॅडिसनला जाऊन आले. इथून अडीच-तीन तासांचा रस्ता आहे. तिथल्या इतिहास संस्थेच्या संग्रहात इर्नाबाईंची कागदपत्रे जतन केलेली आहेत. पेन आत नेता येत नाही, शिसपेन तेवढी चालते, आणि एका वेळी एकच खोका समोर मिळतो. टंकलेखित संहितेची पिवळी पडलेली पाने मी हळूहळू उलटत होते. संवाद छोटे, अगदी छोटे. एखादी बाई विचारते, दुसरी उत्तर न देता चहा ओतते, आणि मग पहिली तोच प्रश्न निराळ्या शब्दांत विचारते. वाचताना ओठ आपोआप हलू लागले. शेजारच्या टेबलावरच्या गृहस्थांनी वर पाहिले तेव्हा मला भान आले.

त्या कशा लिहीत हे कळल्यावर तर मला तुझी फारच आठवण आली, आई. त्या स्वतःच्या हाताने लिहीत नसत. खोलीत उभ्या राहून, फेऱ्या घालत, सगळी पात्रे स्वतः बोलून दाखवत आणि लेखनिक ते टिपून घेत असे. आवाज इतका नेमका बदलत की आता कोण बोलते आहे हे नाव घेऊन सांगावे लागत नसे. वर्षाला सुमारे वीस लाख शब्द त्यांनी अशा तऱ्हेने लिहिले, एका वेळी चार-पाच मालिका चालवल्या, आणि १९४० च्या दशकात त्यांचे वार्षिक उत्पन्न अडीच लाख डॉलरच्या घरात होते. याचा अर्थ मी असा लावते की त्यांनी अभिनय सोडलाच नाही. मायक्रोफोनपुढे उभे राहून जे कमावले ते त्यांनी कागदावर आणले.

माझ्या चार वर्षांचे तेच म्हणणे आहे. घोडबंदर रोडच्या सेटवर मी धाकट्या जावेचे काम करत होते, तेव्हाचा एक प्रसंग तुला सांगितलेला नाही. गौरीच्या पूजेचा सीन होता. माझ्या हातात ताट, ताटात निरांजन पेटलेले, आणि मला पाच ओळींचे एकच वाक्य बोलायचे होते, ज्यात घराण्याची परंपरा, माझे माहेर आणि मोठ्या जावेचा अपमान असे सगळे एकत्र कोंबलेले होते. तीन टेक झाले. दर वेळी चौथ्या ओळीला श्वास संपायचा आणि निरांजनाची ज्योत फडफडायची. मी दिग्दर्शकांना विचारून वाक्य तोडले. “वहिनी, ताट जड आहे. तुम्ही धरता का?” एवढेच म्हटले आणि ताट पुढे केले. समोरच्या ताईंनी ते घेतले नाही, नुसते पाहत राहिल्या. सेटवर कुणी बोलले नाही. तो टेक राहिला. अपमान कशाने होतो आणि बाई तो कसा गिळते, हे मला त्या दिवशी हातातल्या ताटाच्या वजनाने शिकवले, आणि हे शिक्षण कुठल्याही वर्गात मिळत नाही.

त्यानंतर टेलिकास्ट तोंडावर आलेले, एपिसोडची बँक, म्हणजे आधी चित्रित करून ठेवलेला साठा, संपलेली आणि सीन आलेले नाहीत, अशा रात्री मला मेकअप रूममध्ये बसवून सीन लिहून घेत. मी लिहिलेले सीन अकरा-बारा एपिसोडमध्ये जसेच्या तसे गेले. श्रेयनामावलीत माझे नाव कधी आले नाही आणि त्याचे मानधनही मिळाले नाही. मी ते घरी सांगितले नाही, कारण बाबा, तुम्ही त्याच आठवड्यात शेजाऱ्यांना बोलावून माझा एपिसोड मोठ्या कौतुकाने दाखवला होता.

इर्नाबाईंच्या बाबतीत हेच घडले, फक्त त्यांनी ते गिळले नाही. मालिका चालू लागल्यावर ती मोठ्या जाळ्यावर, म्हणजे देशभर ऐकू जाईल अशा ठिकाणी न्यावी, असे त्यांनी केंद्राला सांगितले. केंद्राने नकार दिला. मग मालिका माझी आहे, असे त्या म्हणाल्या. केंद्र म्हणाले, ती आमची आहे, तुम्ही पगारी आहात. त्या तिथून बाहेर पडल्या आणि न्यायालयात गेल्या.

इथे मला तुम्ही फोटोत पाहिलेल्या खुर्च्यांबद्दल सांगितले पाहिजे, कारण आजीने दोनदा विचारले आहे की रस्त्यावर बर्फात कुणी खुर्च्या मांडून ठेवल्या आहेत आणि तिथे कुणी बसत का नाही. हिवाळ्यात इथे एका रात्रीत गुडघाभर बर्फ पडतो. १९६७ च्या जानेवारीत तर तेवीस इंच पडला होता आणि म्हातारी माणसे अजून त्याच्या गोष्टी सांगतात. मोटारी रस्त्याच्या कडेला उभ्या असतात, त्या बर्फात गाडल्या जातात. मग माणूस फावडे घेऊन तास-दोन तास खपतो, आपली मोटार आणि तिच्याभोवतीची जागा मोकळी करतो, आणि कामाला जाताना त्या मोकळ्या जागेत घरातली एखादी मोडकी खुर्ची, इस्त्रीचे टेबल, प्लॅस्टिकचे खोके, जे हाताशी असेल ते ठेवून जातो. त्याचा अर्थ असा की ही जागा मी माझ्या हातांनी साफ केली आहे, मी परत येईपर्यंत इथे कुणी मोटार लावू नये. याला ‘डिब्ज’ म्हणतात. रस्ता कुणाच्या मालकीचा नाही, तो सरकारी आहे. अशी खुर्ची ठेवण्याचा हक्क कायद्याने कुणालाही दिलेला नाही, उलट थोड्या दिवसांनी महापालिकेची गाडी येऊन त्या वस्तू उचलून नेते. तरीही संध्याकाळपर्यंत ती खुर्ची तिथेच असते आणि सहसा कुणी तिला हात लावत नाही. माझ्या घरमालकीणबाई सत्तरीच्या आहेत. त्यांची जागा मी आणि वरच्या मजल्यावरच्या मुलाने साफ केली आणि त्यांनी स्वयंपाकघरातली हिरवी खुर्ची स्वतः खाली आणून ठेवली. ती सरळ उभी राहावी म्हणून त्यांनी एका पायाखाली बर्फ दाबून बसवला. पहिल्या हिवाळ्यात मला हे सगळे विचित्र वाटले. आता त्यातली माणुसकी कळते: ज्याने फावडे मारले त्याचे कष्ट लोक मानतात.

न्यायालयाने मात्र मानले नाहीत. खटला वर्षानुवर्षे चालला आणि १९४० मध्ये इलिनॉयच्या अपील न्यायालयाने निकाल दिला की केंद्राच्या नोकरीत असताना केंद्रासाठी लिहिलेली मालिका केंद्राचीच. बर्फ इर्नाबाईंनी काढला होता, जागा केंद्राची ठरली.

पण इर्नाबाई निकालाची वाट पाहत बसल्या नव्हत्या. १९३२ मध्येच त्यांनी दुसऱ्या केंद्रावर ‘टुडेज चिल्ड्रन’ सुरू केली, तिचे हक्क स्वतःकडे ठेवले आणि तिच्यातही आईचे काम स्वतः केले. ते केंद्र मर्चंडाइज मार्ट नावाच्या नदीकाठच्या अवाढव्य इमारतीत होते. माझी आगगाडी रोज तिला खेटून जाते, आणि मी रोज मान वर करून एकोणिसाव्या मजल्याच्या खिडक्या मोजते. तिथेच हे स्टुडिओ होते.

२५ जानेवारी १९३७ रोजी त्यांची ‘द गाइडिंग लाइट’ सुरू झाली. तरुणपणी एका मोठ्या दुःखात असताना शिकागोच्या एका धर्मोपदेशकाच्या प्रवचनांनी त्यांना धीर दिला होता, आणि त्या आठवणीतून ही गोष्ट आली. एका साध्या वस्तीतला धर्मोपदेशक आपल्या खिडकीत दिवा लावून ठेवतो, म्हणजे ज्याला बोलायचे असेल त्याने केव्हाही यावे. आजी, तुळशीपुढच्या दिव्याइतकी साधी ही कल्पना आहे, आणि ती बहात्तर वर्षे चालली. आधी रेडिओवर, मग ३० जून १९५२ पासून टीव्हीवर, ते थेट १८ सप्टेंबर २००९ पर्यंत. टीव्हीवर अशी गोष्ट बायका काम टाकून बघत बसतील का, याची खर्च उचलणाऱ्या साबण कंपनीला खात्री नव्हती. तेव्हा इर्नाबाईंनी नमुन्याचे भाग स्वतःच्या पैशाने करून दाखवले. त्याआधी १९४९ मध्ये शिकागोहून त्यांनी टीव्हीसाठी केलेली एक मालिका महिनाभरातच बंद पडली होती. तरी त्यांनी पुन्हा पैसे घातले.

१९५६ मध्ये आलेली ‘ॲज द वर्ल्ड टर्न्स’ ही मला त्यांची सर्वांत मोठी झेप वाटते. तोवर पंधरा मिनिटांचे भाग असत, हा अर्ध्या तासाचा झाला, आणि वाढलेल्या वेळात त्यांनी जास्त घटना भरण्याऐवजी माणसे एकमेकांकडे पाहतात, कॉफीचा पेला खाली ठेवतात, उत्तर द्यायचे टाळतात, हे दाखवले. आमच्याकडे मात्र त्या पाहण्याला तीन वेळा विजेचा कडकडाट जोडला जातो. बाबा, २२ नोव्हेंबर १९६३ रोजी केनेडींवर गोळ्या झाडल्याची बातमी आली तेव्हा सीबीएस या वाहिनीवर हीच मालिका चालू होती आणि ती मध्येच तोडून बातमी सांगितली गेली.

ॲग्नेस निक्सन यांची गोष्ट तुम्ही दोघांनी वाचावी म्हणून मुद्दाम लिहिते. इथल्याच नॉर्थवेस्टर्न विद्यापीठात शिकलेली ही मुलगी. तिच्या वडिलांचा मृतांना घालायचे कपडे तयार करण्याचा व्यवसाय होता आणि मुलीने त्यात यावे अशी त्यांची इच्छा होती. लेखनाचे वेड डोक्यातून जावे म्हणून त्यांनीच तिची इर्नाबाईंशी भेट ठरवली. एवढी मोठी बाई हिला खरे काय ते सांगेल, असा त्यांचा हिशोब होता. इर्नाबाईंनी मुलीने आणलेली संहिता तिच्यादेखत मोठ्याने वाचून काढली आणि तिला कामावर घेतले. पुढे या ॲग्नेसबाईंनी ‘वन लाइफ टू लिव्ह’ आणि ‘ऑल माय चिल्ड्रन’ निर्माण केल्या. बाबा, तुम्ही माझी अशी भेट कुणाशी ठरवली नाही. उलट पहिल्या एकांकिकेला मला भावे नाट्यमंदिरात हात धरून नेलेत आणि घराची कागदपत्रे बँकेत ठेवलीत. मी हे विसरत नाही.

इर्नाबाईंचे सगळेच मला पटते असे नाही. ज्यांनी स्वतःच्या शब्दांसाठी इतके भांडण केले, त्यांच्यावरच ‘द गाइडिंग लाइट’च्या कल्पनेत आपला वाटा आहे म्हणून एका सहकाऱ्याने दावा लावला आणि तो जिंकला. हे वाचून मला वाईट वाटले. मालिका न्यूयॉर्कमध्ये घडत आणि त्या शिकागोत घरी बसून पाहत, भाग संपला की फोन करून चुका सांगत. त्यांच्याबरोबर काम करणे सोपे नव्हते. १९७३ मध्ये ‘ॲज द वर्ल्ड टर्न्स’वरून त्यांना काढून टाकण्यात आले आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात त्या याच शहरात वारल्या. त्यांनी लग्न केले नाही. दोन मुले दत्तक घेतली आणि वाढवली. आई, हे वाक्य वाचून तू काय विचार करशील ते मला माहीत आहे. मी त्यांचे आयुष्य उचलून आणत नाही, त्यांचे काम शिकते आहे.

आता पैशाचे लिहिते, कारण तेच टाळत होते. मुंबईच्या एका निर्मात्यांनी माझी मालिकेची कल्पना मागितली आहे. सांगलीतल्या एका नाटक कंपनीच्या कपडेपटाची जबाबदारी सांभाळणाऱ्या बाईची ती गोष्ट आहे. एक लाख रुपये आगाऊ देऊ केले आहेत. सोबत आलेल्या करारात सर्व हक्क कायमचे त्यांचे, असे कलम आहे, आणि लेखिका म्हणून माझे नाव देण्याचा उल्लेख नाही. मी सही केलेली नाही. एक लाखात घरच्या कर्जाचे किती हप्ते सुटले असते ते मला पाठ आहे, आणि सही न करता कागद बाजूला ठेवला त्या रात्री मला झोप लागली नाही. आपल्याकडे २०१२ मध्ये कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली, तिने लेखकाचा रॉयल्टीतला वाटा सांभाळला आहे, पण माझ्या करारात ते कसे लागू पडते हे नीट पाहिले पाहिजे. बाबा, मी तो करार पाठवते, तो कृपया वकीलकाकांना दाखवा. कल्पना मी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे नोंदवून ठेवली आहे. महाविद्यालयातच आठवड्याला वीस तासांचे ग्रंथालयातले काम मिळाले आहे, त्यातून चारशे डॉलर परवा पाठवले. पुढच्या महिन्यापासून निम्मा हप्ता मी भरीन.

कोल्हापूरच्या स्थळाला कृपया नाही म्हणून कळवा. मुलगा चांगला आहे, फोनवर अर्धा तास नीट बोलला, पण मी परत आल्यावर मालिकांची कामे बंद करावीत अशी त्याच्या घरच्यांची अपेक्षा आहे, आणि हे मला त्याने सांगितले, तुम्हाला नाही. दोन वर्षे आणखी द्या, एवढेच मागते.

मनूच्या साखरपुड्याला मला येता येणार नाही. तिकीट पाहिले होते. तीन वेळा पाहिले. तिच्यासाठी माझी मोरपंखी पैठणी कपाटातून काढा. नव्या साडीचा खर्च करू नका. पदराला डाव्या टोकाला दोन टाके निघाले आहेत, ते आईने घालून द्यावेत, मनूला ते दिसायचे नाहीत. आणि आजीला शेजारी बसवून मनूने फोनवर रेकॉर्डिंग करावे. आजोबांबरोबर नाटक कंपनीच्या बिऱ्हाडात काढलेल्या त्या पावसाळ्याची गोष्ट तिने पहिल्यापासून सांगावी, मध्ये कुणी बोलू नये, आणि आजी गप्प झाली तरी रेकॉर्डिंग बंद करू नये.

आपली,
केतकी